एदोकर

पेनसिल्व्हेनियातल्या स्टेट कॉलेज नावाच्या गावातल्या या घरात येऊन आम्हाला वर्ष होत आलं, आणि समोरच्या तीन घरांत कोण राहतं हे मला अजून धड ठाऊक नाही. एका घरी कुत्रा आहे एवढं खात्रीने सांगू शकते, कारण तो रोज बोलतो. माणसांचा आवाज ऐकलेला नाही. दिवेकरकाकांना हे कळलं तर ते कपाळाला हात लावतील.

काका नॉर्थ कॅरोलिनात, कॅरीला, आमच्या भिंतीला भिंत लावून राहायचे. ते राहायला आले तो शनिवार होता. सकाळी दारावर टकटक झाली म्हणून उघडलं, तर सत्तरीकडे झुकलेले एक गृहस्थ उभे. तपकिरी पँट, तपकिरी शर्ट, वर करडा स्वेटर, आणि हातात कापडाने झाकलेला ट्रे.

"मी दिवेकर. आजपासून तुमच्या डाव्या भिंतीपलीकडे. हे घ्या. थंडच खायचं असतं, गरम करू नका."

कापडाखाली मातकट रंगाच्या लांब शेवया होत्या आणि एका वाटीत काळं पाणी. मला वाटलं, बिचाऱ्यांचा उपमा करपलाय आणि ते सांगायला लाजताहेत. माझा चेहरा बघून त्यांनीच खुलासा केला. जुन्या जपानात, एदो शहरात, नवं बिऱ्हाड आलं की समोरची तीन आणि शेजारची दोन अशा पाच घरी नूडल्स द्यायची पद्धत होती. एदो म्हणजे आजचं टोकियो. "एकदा दिली की आपण परके राहत नाही," ते म्हणाले आणि पुढच्या दाराकडे वळले. समोरच्या घरातल्या माणसाने 'मी काही ऑर्डर केलं नव्हतं' असं सांगून ट्रे परत केला. ही गोष्ट काका पुढे कितीतरी वेळा हसत हसत सांगायचे. पहिल्यांदा सांगितली तेव्हा मात्र फारसे हसले नव्हते.

काका मूळचे अलिबागचे. औषधांच्या कंपनीत होते. उमेदीच्या काळात कंपनीने त्यांना काही वर्षांसाठी ओसाकाला पाठवलं, तिथून ते अमेरिकेत आले आणि कॅरीजवळच्या एका कंपनीतून रिटायर झाले. बाकी तपशील मी कधी विचारला नाही आणि त्यांनी सांगितला नाही, कारण त्यांना स्वतःबद्दल बोलण्यात काडीचा रस नव्हता. ओसाकाला ते ओनोबाई नावाच्या एका म्हातारीच्या माडीवर भाड्याने राहायचे. बाईंचं घराणं पिढ्यानपिढ्या त्या शहरात औषधी मुळ्या आणि बिया विकणारं. तिथून काका दोन व्यसनं घेऊन आले. एक, जपानच्या जुन्या शहरांतल्या व्यापारी आणि कारागीर लोकांचं. आणि दुसरं आसागाओ नावाच्या वेलीचं. आपण ज्याला मॉर्निंग ग्लोरी म्हणतो तीच ती.

"सामुराईंचं मला सांगू नका," हे त्यांचं पेटंट वाक्य. "तलवार काय, कुणीही उपसतो. मला बादल्या करणारा सांगा. छत्रीला कागद चिकटवणारा सांगा." या लोकांना समाजात सगळ्यात खालची पायरी. सरकारचा हुकूम, रेशीम नेसायचं नाही, भडक रंग घालायचे नाहीत, घरं दिमाखदार बांधायची नाहीत. मग रंगाऱ्यांनी काय करावं? तपकिरी आणि करड्या रंगाच्याच इतक्या छटा काढल्या, की प्रत्येकीला वेगळं नाव ठेवावं लागलं. काका ती नावं स्तोत्रासारखी म्हणायचे आणि स्वतः त्याच दोन रंगांत वावरायचे. आमच्या महाराष्ट्र मंडळातल्या बायका त्यांना बघून म्हणायच्या, "या माणसाला कुणीतरी एक निळा शर्ट द्या रे."

एकदा मंडळाच्या दिवाळीत हॉलचं हीटिंग बिघडलं आणि खोली भट्टीसारखी तापली. सगळ्यांनी कोट काढले, काकांनी काढला नाही. घामाने डबडबले तरी बसून राहिले. शेवटी मीच त्यांच्या खांद्यावरून तो ओढला, तर आतून जांभळं रेशीम लखलखलं. सोनेरी बुट्ट्यांचं, हात फिरवावासा वाटेल असं. बाहेरून कोट इतका मळकट तपकिरी, की शाळेच्या शिपायानेही नको म्हटलं असतं.

"एदोत असंच करायचे," ते घाईघाईने म्हणाले. "बाहेरून साधं, आत अस्तर भारी. हुकूमही पाळला, हौसही भागली."

"पण हे कापड तर आपल्याकडचं आहे, काका."

"काकूची साडी. ठेवून गेली होती. कपाटात कसर लागत होती नुसती."

आणि त्यांनी कोट परत घातला.

काकू पुण्याला असायच्या. 'असायच्या' एवढंच सगळ्यांना माहीत होतं. "काकू कधी येणार?" असं विचारलं की काका म्हणायचे, "थंडी संपली की." उन्हाळ्यात विचारलं तरी हेच. काकूंना पुण्याला जाऊन बरीच वर्षं झाली होती, भांडण वगैरे काही ऐकिवात नव्हतं. त्या पुण्याला बहिणीकडे म्हणून गेल्या, मग तिथेच फ्लॅट घेतला, आणि अमेरिकेतलं मोठं घर विकून काका आमच्या शेजारी आले. मुलगा अमेय इथेच जन्मलेला, क्युपर्टिनोला सॉफ्टवेअरमध्ये. तो दर रविवारी फोन करायचा. भिंत पातळ असल्यामुळे मला माहीत आहे, ते फोन फार लांबत नसत.

'एदोकर' हे नाव त्यांना पडलं ते मंडळातल्या भाषणामुळे. कार्यकारिणीला एका शनिवारी वक्ता मिळेना, तेव्हा काकांना कुणीतरी विचारलं. काकांनी महिनाभर तयारी केली. प्रत्यक्षात दहा-बारा माणसं आली, त्यातली निम्मी त्यानंतर होणाऱ्या लेझीमच्या प्रॅक्टिससाठी मुलांना घेऊन. काका मात्र रंगात आले होते. एदोतली लांबच लांब चाळ, एकेक खोली आपल्या स्वयंपाकघराएवढी, मधोमध सगळ्यांची मिळून एक विहीर. विहिरीवर बायका जमायच्या आणि जगाचा न्याय करायच्या. घरं लहान, वरचेवर आगी लागायच्या, म्हणून लोक वस्तू साठवायचेच नाहीत, भाड्याने आणायचे. अंथरूण भाड्याने, भांडी भाड्याने. "आणि लंगोट!" काका विजयी मुद्रेने म्हणाले. "लंगोटसुद्धा भाड्याने मिळायचा!"

"व्हॉट्स अ लंगोट?" एका मुलाने आईला विचारलं. आईने कानात सांगितलं.

"ईऽऽऽ! दॅट्स सो ग्रोस!"

त्यानंतर सभेवर काकांचा ताबा राहिला नाही. सेक्रेटरी मागून दोन्ही हातांनी खुणा करत होता, "काका, फाइव्ह मिनिट्स, यार, लेझीमवाले थांबलेत." काकांनी घड्याळ पाहिलं आणि उरलेलं भाषण, जे खरं तर त्यांना सांगायचं होतं ते, वेलीचं, खिशात घातलं. चहाच्या वेळी कुणीतरी म्हणालं, "एदोकर आज फॉर्मात होते." ते नाव चिकटलंच. काकांना ते आवडलं असावं. मला ते ऐकताना का कुणास ठाऊक वाईटच वाटायचं. माणसाला गावाचं नाव मिळालं, पण त्या गावात दुसरं कुणीच राहत नव्हतं.

वेलीचं ते भाषण मी एकटीने ऐकलं. "पहाटे साडेपाचला ये. ही फुलं उन्हं चढेपर्यंतच असतात. उशीर केलास तर दार उघडणार नाही," असं ते प्रत्येकाला सांगायचे, आणि अर्थातच कुणी जायचं नाही. मी गेले, ते निखिल, म्हणजे माझा नवरा, म्हणाला की तुला उठणं जमणारच नाही, म्हणून. मागच्या पॅटिओवर चटई अंथरलेली, बिनदुधाचा चहा, आणि कुंड्यांच्या दोन रांगा. पुढच्या रांगेत जे होतं त्याला मी फूल म्हटलं नसतं. पाकळ्यांच्या चिंध्या झालेल्या, आकाशकंदिलाच्या झिरमिळ्यांसारख्या खाली लोंबणाऱ्या, रंग धुरकट निळा. पानंही सुईसारखी चिरलेली. बघावं तितकं थोडं. आणि मागच्या रांगेत आपली साधी गोल निळी फुलं, कॅरोलिनातल्या कुठल्याही कुंपणावर फुकट मिळतात तशी.

"ही कशाला ठेवलीत?" मी मागच्यांकडे बोट दाखवलं.

"अगं, हीच तर खरी," काका म्हणाले. "या पुढच्या सुंदऱ्यांना बी धरत नाही. पुंकेसर नाही, स्त्रीकेसर नाही, सगळ्याच्या पाकळ्याच झाल्यात. यांच्यापाशी वंश संपला. मागची साधी आहेत ना, ती यांचीच भावंडं, एकाच शेंगेतली. हे सौंदर्य त्यांच्या पोटात लपलेलं असतं. त्यांचं बी पेरलं की पुढच्या वर्षी चार रोपांत एखादं असं निघतं. नुसती देखणी ठेवलीस, तर त्याच वर्षी सगळं बुडालं."

एदोत म्हणे मोठी आग लागून वस्त्या जळाल्या, त्या मोकळ्या जागांत माळ्यांनी या वेली लावल्या आणि सगळ्या शहराला वेड लागलं. दारासमोर जेमतेम चटईभर जागा असलेला बादलीवाला कुंड्या ठेवायचा, आणि त्यातसुद्धा साध्या भावंडांना जागा द्यायचा. लोक एकमेकांना बी द्यायचे. ओनोबाईंकडे आलेली ही धुरकट निळी जात तशीच हातोहात आलेली. बाईंच्या मुलांना तिचं काही नव्हतं. काका ओसाका सोडताना बाईंनी औषधाच्या कागदी पुडीत बी घालून दिलं आणि म्हणाल्या, जपून ठेवू नका, वाटा. डब्यात ठेवलेलं मरतं, वाटलेलं जगतं.

काका वाटायचे. दर संक्रांतीला तिळगुळाबरोबर एकेक पुडी. लोक तिळगूळ खायचे आणि पुड्या टेबलावर राहायच्या. कार्यक्रम संपल्यावर काका त्या गोळा करायचे, फुंकर मारून हलव्याची साखर झटकायचे आणि खिशात टाकायचे. मी दोनदा बी लावलं, दोन्ही वेळा हरणांनी फस्त केलं. अमेयला त्यांनी बी लावतोस का म्हणून विचारलं होतं. तो म्हणाला होता, "बाबा, इट्स लिटरली अ वीड." आणि त्याचं तरी काय चुकलं? कॅरोलिनात ही वेल गटाराच्या कडेलाही उगवते, आणि आमच्या वसाहतीच्या असोसिएशनचा माणूस दर उन्हाळ्यात काकांना हेच ऐकवून जायचा.

मग एका वर्षी ऑक्टोबरातल्या वादळी पावसात शेंगा वेलीवरच कुजल्या. धुरकट निळ्याचं अगदी थोडं बी हाताला लागलं. काकांनी पुढच्या मे महिन्यात ते सगळंच्या सगळं पेरलं. "ओनोबाईंकडचं आता कुठेच काही राहिलेलं नाही," ते मला म्हणाले. "त्या गेल्या, घरही पाडलं. जे आहे ते या कुंड्यांत." रोपं छान आली. आणि नेमका जूनमध्ये अमेयचा फोन आला, बाळ होणार होतं, तुम्ही तीन महिने येता का? काकांना त्याने असं याआधी कधी बोलावलं नव्हतं. त्यांनी दुसऱ्या दिवशी तिकीट काढलं. कुंड्यांना पाण्याच्या नळ्या लावल्या, त्यावर टायमर बसवला, आणि मला म्हणाले, "काही बघायला नको. पुढची काय, फुलतील आणि जातील. मागच्या साध्यांना कुणाची गरज नसते. त्या आपलं आपण बी धरतात."

त्या वर्षी माझी आई पुण्याहून आली होती. ज्यांच्या घरी पुण्याहून आई आलेली आहे त्यांना पुढचं सांगायची गरज नाही. आई रोज पहाटे फिरायला निघायची आणि येताना पिशवीत देवासाठी फुलं आणायची. मी तिला बजावलं होतं, इथे लोकांच्या अंगणातलं पान तोडायचं नाही, पोलीस बोलावतील. ती म्हणायची, "झाडावर सुकून जाण्यापेक्षा देवाला गेलेलं काय वाईट?" तरी माझं ऐकून तिने अमेरिकनांची कुंपणं सोडून दिली. माझ्या देवघरात रोज ताजी निळी फुलं दिसायची, ती मी रस्त्याच्या कडेची समजत होते. तिथे ती ढिगाने होतीच.

काका ऑक्टोबरच्या सुरुवातीला परत आले. बाळाचे फोटो दाखवले. "तिथे माझं तसं काम नव्हतं फारसं," म्हणाले. "त्यांनी नॅनी ठेवली होती. चांगली होती." दुसऱ्या दिवशी सकाळी मी खिडकीतून पाहिलं तर ते मागच्या रांगेसमोर उकिडवे बसून एकेक पान उलटून बघत होते. बराच वेळ बसले. मग उठून दुसऱ्या बाजूने परत पहिल्यापासून सुरुवात केली.

संध्याकाळी ते आमच्याकडे चहाला आले. "शेंगा धरल्याच नाहीत," मला म्हणाले. "एकही नाही. हरणं म्हणावीत तर पानं जागच्या जागी आहेत. यंदा उष्णता फार होती का?"

"तुमच्या मागच्या कुंड्या ना?" आई कौतुकाने म्हणाली. "अहो, फुलं काय सुरेख येत होती! कालपरवापर्यंत माझी रोजची पूजा तुमच्याच फुलांवर चालली होती. म्हटलं, आपल्या माणसाचं आहे, विचारायचं काय?"

काकांनी कप बशीत ठेवला. "सगळी?"

"सगळी कशी? ती पुढची किडकी फाटकी ठेवली. तसली देवाला कशी वाहायची? चांगली चांगली तेवढीच घेतली."

काका आईकडे बघत राहिले, आणि मग मान हलवून म्हणाले, "बरं केलंत, ताई. देवाला गेली." चहा संपवला, बाळाचा आणखी एक फोटो दाखवला, आणि घरी गेले. त्या संध्याकाळी भिंतीपलीकडून टीव्हीचा आवाज आला नाही.

मी आईला सगळं सांगितलं. "बोलले का नाहीत ते? चार शिव्या दिल्या असत्या तरी चाललं असतं. मेलं, मी देवाच्या नावाने माणसाच्या तोंडचा घास काढला." दुसऱ्या दिवशी तिने मुगाचे लाडू केले आणि मला पुढे घालून काकांकडे निघाली. काकांनी लाडू घेतला, चांगला झालाय म्हणाले, आणि आईने माफीचा विषय काढला की जपानमधल्या मिठाईकडे वळायला लागले. पण आई वळू देणारी नव्हे.

"आणखी कुठेच नाही का हे बी? इतकी वर्षं वाटत होतात ना?"

"वाटत होतो. कुणी लावलं नाही." काकांनी टेबलावरचा लाडवाचा कण बोटाने टिपला. "काकू जाताना तिच्या पर्समध्ये एक पुडी ठेवली होती."

"मग? त्यांनी लावलं?"

"विचारलं नाही."

"इतक्या वर्षांत?"

"बोलतो की आम्ही. लाइटबिल, बँक, अमेयचं. हे तेवढं विचारलं नाही. टाकून दिलं असेल तर ते ऐकायचं नव्हतं."

"अहो, मग जाऊन का येत नाही तुम्ही?"

"बोलावल्याशिवाय कसं जायचं?"

"स्वतःच्या बायकोकडे?"

"ते तिचं घर आहे, ताई." मला वाटलं आता ते पुन्हा मिठाईवर जाणार. पण ते म्हणाले, "तिला, शालनला, ड्रायव्हिंग जमलं नाही. ते जुनं घर रस्त्यापासून आत होतं. मी सकाळी गेलो की संध्याकाळपर्यंत ती एकटी. मी घरी येऊन तिला काय सांगायचो, तर एदोतल्या विहिरीवर बायका कशा जमायच्या, काय काय बोलायच्या. रोज सांगायचो. आणि तिला दिवसभरात बोलायला एक माणूस नव्हतं. हे माझ्या लक्षात आलं, ते ती गेल्यावर घरात मी एकटा दिवसभर बसलो तेव्हा."

निघताना आईने फक्त काकूंचा पत्ता मागितला.

पुढच्याच आठवड्यात ती पुण्याला परतली आणि जेट लॅग वगैरे थेरं न करता तिसऱ्या दिवशी काकूंच्या दारात उभी राहिली. तिथूनच तिचा मला फोन. "अगं, आहे! गॅलरीभर आहे! गजांवरून पार वरच्या मजल्यावर गेलीय." काकूंनी ती पुडी आल्या वर्षीच कुंडीत रिकामी केली होती. तेव्हापासून दर पावसाळ्यात वेल आपोआप उगवते, निळी फुलं येतात, त्या देवाला वाहतात. मात्र सगळी नाही, वेलीवर पुष्कळ राहू देतात, चिमण्या येतात म्हणून. "त्या म्हणाल्या, वेल चांगली आहे, पण जात जरा कमजोर. दरवर्षी तीनचार रोपं रोगट निघतात. चिरफाळलेली पानं, चिंध्यांसारखी फुलं. ती मी दिसली की उपटून टाकते."

मी अनवाणीच शेजारी धावले. काकांनी ते सगळं ऐकून घेतलं आणि मला परत सांगायला लावलं.

"उपटून टाकते म्हणाली?"

"हो."

"दरवर्षी?"

"दरवर्षी, काका."

ते पायरीवर बसले आणि हसायला लागले. इतके, की चष्मा काढावा लागला. "जे एदोच्या लोकांनी पिढ्या घालवून शिकून घेतलं ते हिने वैतागून केलं. बिनचूक केलं! साधी ठेवली, म्हणून वंश राहिला." मग हसता हसता त्यांचा आवाज फिरला. "आणि मी रात्रंदिवस ज्याचं कौतुक करत होतो, ते तिने दरवर्षी न चुकता उपटलं." डोळे पुसायला त्यांना स्वेटरची बाही पुरेना.

बी इथे आणणं म्हणजे विमानतळावर कस्टम्सशी गाठ, पोस्टाने मागवणं त्याहून अवघड. म्हणजे जायला हवं होतं. काकांनी डिसेंबरचं तिकीट काढलं आणि कॅन्सल केलं. मार्चचं काढलं आणि तेही कॅन्सल केलं. मी रागावले तेव्हा म्हणाले, "मी फोन केला होता ना तिला. या वर्षी उपटू नकोस म्हटलं. ती म्हणाली, गॅलरीत जागा नाही. मी म्हटलं, एक तरी ठेव. ती म्हणाली, बघते." मग थोडं थांबून, "पण ये म्हणाली नाही."

"तुम्ही 'येऊ का' विचारलंत?"

"नाही," ते म्हणाले, आणि कुंडीतली माती उकरायला लागले. त्या उन्हाळ्यात त्यांच्या कुंड्या रिकाम्याच होत्या. तरी माती मात्र दर आठवड्याला उकरलेली असायची.

ऑगस्टात निखिलला इथल्या युनिव्हर्सिटीत नोकरी लागली आणि आम्ही कॅरी सोडलं. निघायच्या आदल्या संध्याकाळी, दिवेलागणीच्या सुमाराला, मी निरोप घ्यायला काकांच्या मागच्या पॅटिओवर गेले. ते पायरीवर बसले होते. उलट्या घातलेल्या कुंडीवर टॅब्लेट टेकवून ठेवला होता. मला बघून त्यांनी ओठांवर बोट ठेवलं आणि शेजारी बसायची खूण केली.

पुण्यात तेव्हा उजाडत होतं. पडद्यावर करड्या उजेडात गॅलरीचे गज दिसत होते, त्यांना बिलगलेली सुईसारखी पानं, आणि मधोमध एक कळी, सुटायच्या बेतात आलेली. लांब कुठेतरी दूधवाल्याची स्कूटर गेली.

"दिसतंय का?" बाईचा आवाज आला, झोपेतून नुकताच उठलेला.

"दिसतंय." काकांचा आवाज मला ओळखू आला नाही.

"सुटतेय हळूहळू. मला तर बाई अजूनही रोगटच वाटते. पण तुम्ही म्हणालात म्हणून ठेवली."

"हो."

कळीची एक चिंधी सुटून खाली लोंबली, मग दुसरी. मी काकांकडे पाहिलं तर ते फुलाकडे बघतच नव्हते. पडद्याच्या वरच्या कडेकडे, जिथे काहीच नव्हतं, तिथे बघत होते.

"जरा वर घे," ते म्हणाले.

पडद्यावर वरची पानं आली.

"अजून थोडं वर."

"अहो, वर काही नाही आता. वर मी आहे."

तिकडून दोनदा "हॅलो, ऐकू येतंय का?" झालं.

"येतंय," ते म्हणाले. "वर घे."

पडदा हलला. वाळत घातलेलं एक पातळ गेलं, गॅलरीचं छत गेलं, आणि मग चष्मा न लावलेला, न विंचरलेल्या पांढऱ्या केसांचा एक चेहरा जवळ आला आणि डोळे बारीक करून आमच्याकडे बघायला लागला. मी न बोलता उठले आणि घरी आले. घरात खोकी तेवढी राहिली होती.